जीटी मारली की स्फूर्ती घेतली?

दोन खुर्च्यांवर आडवी काच, खाली टेबल लॅम्प, काचेवर मित्राची ड्रॉइंग शीट आणि तिच्यावर आपली कोरी शीट. याला जीटी, म्हणजे ग्लास ट्रेसिंग म्हणतात हे हॉस्टेलवाल्यांना सांगायला नको. (स्टाफलाही माहीत आहे म्हणे!) यंदा मी गॅदरिंगचं पोस्टरच जीटी मारलं. नेटवरचं एका चित्रकाराचं चित्र घेतलं, रंग बदलले आणि खाली माझी सही ठोकली. बक्षीस मिळालं, पेढे वाटले. मग एका ज्युनिअरने मोबाइलवर मूळ चित्र दाखवलं. "अरे, इन्स्पिरेशन घेतलं," मी म्हणालो, पण कान गरम झाले.

मी पलूसचा, पण शाळा कॉन्व्हेंट. मराठी नाटक मला माहीत ते आजोबांमुळे. सुट्टीत त्यांना सगळं सांगितलं. म्हणाले, "आरं, आपल्या हरिपूरच्या देवलांनी तरी काय केलं, बघ की."

मग मी शोधलं. गोविंद बल्लाळ देवलांच्या 'संशयकल्लोळ'चा सांगाडा आर्थर मर्फीच्या १७६१ च्या इंग्रजी नाटकाचा आहे, आणि मर्फीने तो मोलिएरच्या १६६० च्या फ्रेंच प्रहसनावरून घेतलेला. हाती लागलेली तसबीर आणि त्यावरून नवरा-बायकोचा संशय, एवढं परकं. पण फाल्गुनराव, अश्विनशेठ, भादव्या ही महिन्यांवरून, कृत्तिका, रेवती ही नक्षत्रांवरून सुचलेली नावं देवलांची. संवाद आणि १९१६ च्या संगीत नाटकातली पदंही त्यांचीच. सांगाडा तोच, माणसं मात्र आपली वाटतात.

कायदाही असंच बघतो. 'हम हिंदुस्तानी' नाटकाचे लेखक आर. जी. आनंद 'न्यू दिल्ली' सिनेमाविरुद्ध कोर्टात गेले. १९७८ साली सुप्रीम कोर्टात ते हरले. कल्पनेवर कॉपीराइट नसतो, ती मांडण्याच्या पद्धतीवर असतो. दोन्ही पाहणाऱ्याला 'ही सरळ नक्कल आहे' असं ठामपणे वाटलं, तरच चोरी. विषय एकच असला तरी तो सिनेमा त्यात बसला नाही. माझं पोस्टर बसतं! ज्युनिअरला एक सेकंदही लागला नाही.

मला वाटायचं, खाली चित्रकाराचं नाव टाकलं की झालं. तसं नाही, परवानगीही लागते. मर्फी १८०५ सालीच वारला होता, देवलांपुढे तो प्रश्नच नव्हता. माझा चित्रकार जिवंत आहे, आणि १९५७ च्या कायद्याच्या कलम ५७ प्रमाणे त्याने उद्या चित्राचे हक्क विकले, तरी 'हे माझं' म्हणायचा अधिकार त्याचाच राहतो.

पोस्टर बोर्डावरून काढलं, बक्षीस परत केलं. चित्रकाराला मेल टाकलाय, उत्तर आलेलं नाही. पेढे परत कसे करायचे, ते रूममेटला विचारतोय.