विश्लेषण : गावातला वाडा, बारव, मंदिर 'संरक्षित' कधी होते? सातारा-सांगलीत नेमकी अडचण काय?

साताऱ्यातील प्रतापगड आता जागतिक वारसा आहे. मात्र याच जिल्ह्यातील आणि शेजारच्या सांगलीतील शेकडो जुने वाडे, बारवा, घाट आणि हेमाडपंती मंदिरे कोणत्याही सरकारी यादीत नाहीत. वास्तू जुनी असली की ती आपोआप संरक्षित होते, असा अनेकांचा समज असतो. कायदा तसे म्हणत नाही. मग संरक्षण कोण देते, त्याने गावकऱ्यांवर कोणती बंधने येतात आणि यादीबाहेरच्या वास्तूंचे काय होते?

संरक्षण कोण देते?

देशात संरक्षणाच्या मुख्यतः दोन पायऱ्या आहेत. राष्ट्रीय महत्त्वाची स्मारके १९५८च्या केंद्रीय कायद्याखाली भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाकडे असतात. राज्याच्या दृष्टीने महत्त्वाची स्मारके महाराष्ट्राच्या १९६०च्या कायद्याखाली राज्याच्या पुरातत्त्व व वस्तुसंग्रहालये संचालनालयाकडे येतात. कराडजवळच्या जखिणवाडीतील आगाशिवची बौद्ध लेणी केंद्राच्या यादीत आहेत, तर प्रतापगड राज्याचे संरक्षित स्मारक आहे. तिसरी वाट नगररचना कायद्याची. तिच्यात वारसा वास्तूंना श्रेणी देऊन त्यांची यादी करता येते. मात्र ही वाट प्रामुख्याने शहरांत आणि गिरिस्थानांत वापरली गेली. सामान्य खेडेगावापर्यंत ती क्वचितच पोहोचली.

केंद्राची साडेतीन हजारांहून अधिक स्मारके देशभर आहेत, त्यातली पावणेतीनशेहून अधिक महाराष्ट्रात. राज्य संरक्षित स्मारके पावणेचारशेच्या आसपास. राज्यात ग्रामपंचायती सुमारे २८ हजार आहेत. म्हणजे बहुतांश गावांच्या वाट्याला एकही संरक्षित वास्तू येत नाही.

प्रक्रिया कशी असते?

किमान शंभर वर्षे जुनी वास्तू ही पहिली अट. पण ती पुरेशी नाही. ऐतिहासिक, पुरातत्त्वीय किंवा कलात्मक महत्त्व दाखवावे लागते. त्यानंतर सरकार प्राथमिक अधिसूचना काढते. तिची प्रत वास्तूजवळ लावली जाते आणि हरकतींसाठी दोन महिने दिले जातात. हरकतींचा विचार करून अंतिम अधिसूचना निघते. तोवर वास्तूला या कायद्याचे कवच मिळत नाही.

मालकी जाते का?

गावात सर्वाधिक भीती याचीच असते. संरक्षित जाहीर झाल्याने मालकी आपोआप सरकारकडे जात नाही. खासगी मालकाशी देखभालीचा करार करण्याची तरतूद कायद्यात आहे. पूजाअर्चा सुरू असलेले मंदिर किंवा दर्गा संरक्षित झाला म्हणून तिथली उपासना बंद होत नाही. बदलते ते इतकेच, की विभागाच्या परवानगीशिवाय तोडफोड, रंगकाम किंवा नवे बांधकाम करता येत नाही. केंद्र संरक्षित स्मारकाची हानी केल्यास दोन वर्षांपर्यंत कैद किंवा एक लाख रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात.

शेजारच्या घरांचे काय?

२०१०च्या दुरुस्तीनुसार केंद्र संरक्षित स्मारकाच्या हद्दीपासून १०० मीटरपर्यंत नवे बांधकाम करता येत नाही. त्यापुढच्या २०० मीटरमध्ये परवानगी घेऊन करता येते. १०० मीटरच्या आत १६ जून १९९२पूर्वीचे घर असेल तर अर्ज करून दुरुस्ती करता येते. ही अंतरे राष्ट्रीय स्मारकांसाठी आहेत. राज्य संरक्षित स्मारकाला ती आपोआप लागू होत नाहीत. हा फरक नीट न सांगितल्यामुळे 'यादीत नाव गेले तर घरावर पत्राही टाकता येणार नाही' अशी चर्चा पारावर सुरू होते आणि प्रस्ताव तिथेच थांबतो.

यादीबाहेर काय काय आहे?

उदाहरणे पाहिली की पसारा लक्षात येतो. वाईजवळच्या मेणवलीत नाना फडणवीसांचा वाडा आणि कृष्णेवरचा घाट आहे. १७६८मध्ये हे गाव नानांना इनाम मिळाले. घाटावरच्या मंदिराजवळ टांगलेल्या घंटेवर बाळ येशूला घेतलेल्या मेरीची आकृती आणि १७०७ हे साल आहे. वसईच्या मोहिमेत पोर्तुगीजांकडून मिळालेली ही घंटा मराठ्यांच्या इतिहासाचा धातूतला दस्तऐवजच आहे. वाडा मात्र आजही वंशजांच्या खासगी मालकीचा आहे. साताऱ्याजवळच्या लिंब गावातील बारा मोटेची विहीर वीरूबाई भोसले यांनी १७१९ ते १७२४ या काळात बांधली. अष्टकोनी, सुमारे ११० फूट खोल, पोटात महाल असलेली आणि आमराईला पाणी देणारी. नाव बारा मोटेचे, पण सोय पंधरा मोटांची.

सांगलीत चित्र आणखी गुंतागुंतीचे. मिरज तालुक्यातील दंडोबाचे मंदिर डोंगर कोरून केलेले, पण डोंगर वनक्षेत्रात. खानापूर तालुक्यातील बाणूरगडावर बहिर्जी नाईकांची समाधी सांगितली जाते. तासगावच्या गणपती मंदिराचे सातमजली गोपूर पटवर्धनांनी उभारले. कुठे मालक खासगी, कुठे देवस्थान, कुठे वन विभाग. त्यामुळे दगड निखळला तर कोणाकडे जायचे, याचे एकच उत्तर नाही.

खरा धोका कशाचा?

पडझडीइतकाच धोका चांगल्या हेतूने केलेल्या जीर्णोद्धाराचा असतो. लोकवर्गणी किंवा निधी आला की काळ्या पाषाणावर ऑइलपेंट चढतो, गाभाऱ्यात टाइल्स बसतात आणि पुढे आरसीसीचा सभामंडप येतो. जुन्या भिंती चुन्यात बांधलेल्या असतात. चुना ओलावा बाहेर सोडतो. वरून सिमेंटचा गिलावा केला की ओल आत अडकते, क्षार साचतात आणि दगड-विटा भुगा होऊन सुटू लागतात. म्हणून जाणकार दुरुस्तीतही चुनाच वापरतात. त्यात गूळ, हिरडा, बेलफळ मिसळण्याची जुनी पद्धत आहे. हे काम महाग आणि वेळखाऊ, शिवाय ते करणारे गवंडीही कमी उरले आहेत. वीरगळ आणि शिलालेखांची अवस्था अधिक वाईट. पायरीला किंवा कट्ट्याला बसवलेला दगड लेख असलेला होता, हे कळते तेव्हा अक्षरे झिजून गेलेली असतात.

युनेस्कोच्या शिक्क्याने काय बदलले?

जुलै २०२५मध्ये 'मराठा लष्करी भूदृश्ये' या नावाने १२ किल्ले जागतिक वारसा यादीत आले. त्यात साताऱ्यातून प्रतापगड आहे, सांगलीतून एकही नाही. युनेस्को स्वतः किल्ल्याची डागडुजी करत नाही. जबाबदारी देशातील कायद्यांवर आणि यंत्रणांवरच राहते. शिक्का टिकवायचा तर किल्ल्याभोवतीचा परिसरही सांभाळावा लागतो. पर्यटक वाढले की पायथ्याच्या गावांना रोजगार मिळतो, पण हॉटेल, पार्किंग आणि टपऱ्यांचा ताणही तिथेच येतो.

गाव काय करू शकते?

संरक्षणाची अधिसूचना निघायला वर्षे लागू शकतात. तोवर पहिले काम नोंदीचे. वास्तूची मोजमापे, सर्व बाजूंची छायाचित्रे, शिलालेखाचा ठसा आणि सातबारा किंवा मिळकत उतारा एकत्र ठेवावा. ग्रामसभेचा ठराव करून तो या कागदांसह पुरातत्त्व संचालनालयाच्या विभागीय कार्यालयाकडे पाठवता येतो. राज्य संरक्षित स्मारकांसाठी संस्थांना संगोपनाची जबाबदारी घेण्याची 'महाराष्ट्र वैभव' योजनाही आहे. यादीबाहेरच्या वास्तूसाठी मात्र ग्रामपंचायतीचा एक साधा नियम अधिक उपयोगी पडतो : शंभर वर्षांपेक्षा जुन्या सार्वजनिक वास्तूला हात लावण्याआधी जाणकाराचा सल्ला घ्यायचा. त्याला फारसा खर्च येत नाही. सिमेंटचा गिलावा नंतर काढायचा म्हटले तर मूळ दगडही त्याबरोबर निघतो.