सामीलनामा वेगळा, विलीनीकरण वेगळे

15 ऑगस्ट 1947 रोजी संस्थाने भारतात विलीन झाली, असे आपण सर्रास म्हणतो. त्या दिवसापर्यंत बहुतेक संस्थाने सामील झाली होती. विलीन मात्र एकही झाले नव्हते. सामीलनाम्यावर सही करून संस्थानिकाने संरक्षण, परराष्ट्र व्यवहार आणि दळणवळण एवढेच विषय केंद्राकडे दिले. पोलीस, न्यायालये, खजिना त्याच्याच हाती राहिले. भावी राज्यघटना स्वीकारण्याचे बंधन आपल्यावर नाही, असे कलमही त्यात होते. विलीनीकरणासाठी वेगळे करार करावे लागले. औंध, फलटण, भोर, सांगली ही संस्थाने 8 मार्च 1948 रोजी मुंबई प्रांतात आली. कोल्हापूरला 1 मार्च 1949 उजाडला, बडोद्याला 1 मे. म्हैसूर तर कुठल्या प्रांतात गेलेच नाही, महाराजच तिथले राजप्रमुख झाले.

मग केंद्राने शब्द फिरवला, असा आक्षेप घेतला जातो, आणि तो झटकून टाकण्यासारखा नाही. तीन विषयांपलीकडे काही मागत नाही, असे सरदार पटेलांनी 5 जुलै 1947 च्या निवेदनात सांगितले होते. डिसेंबरात मात्र ओरिसातील संस्थानिकांकडून त्यांनी संपूर्ण सत्ता मागून घेतली. दबाव होताच. पण या पाच महिन्यांत काय घडले, तेही पाहायला हवे. नीलगिरी संस्थानात अंदाधुंदी माजून नोव्हेंबरमध्येच ओरिसा सरकारला कारभार हाती घ्यावा लागला. जबाबदार राज्यपद्धतीची मागणी तर जुनीच होती: कोल्हापुरात माधवराव बागलांची प्रजा परिषद 1939 पासून तीच मागत होती, औंधच्या राजांनी त्याच वर्षी ती आपणहून दिली. मूठभर गावांच्या संस्थानात स्वतंत्र विधिमंडळ, न्यायालय, रुग्णालये कशाच्या बळावर चालणार? लोकांना राज्य द्यायचे, तर ते चालण्याइतके मोठे असायला हवे होते. म्हणूनच मला हा बदल वचनभंगापेक्षा प्रजेच्या हक्काला दिलेला अग्रक्रम वाटतो.

संस्थानिकांच्या तनख्याकडेही सामीलनामा आणि विलीनीकरण यांतल्या याच फरकातून पाहावे लागते. तो भारतात सामील होण्याचे बक्षीस नव्हता. राज्यकारभार कायमचा सोडल्याचा मोबदला म्हणून तो विलीनीकरणाच्या करारांत ठरला. राज्यघटनेने त्याची हमी दिली होती, त्यामुळे 1971 मध्ये तो बंद करायला घटनादुरुस्तीच करावी लागली.