कानातला जिना

कोपर स्थानक दुमजली आहे. दिवा–वसई मार्गाची गाडी वरच्या फलाटावर थांबते. तेथून डोंबिवली वा ठाण्याकडे जायचे, तर जिना उतरून खाली यावे लागते. दोन्ही गाड्या वेळेवर असल्या, पण जिनाच बंद असला, तर प्रवास खुंटतो. वाचकहो, आपल्या मध्यकर्णाचे काम या जिन्यासारखेच आहे.

आवाज हवेतून येतो; त्याला पोहोचायचे असते अंतर्कर्णातील द्रवात. हवेतला आवाज थेट द्रवावर आदळला, तर त्यातील बहुतेक परत फिरतो. म्हणून पडद्याआडच्या चिमुकल्या पोकळीत हातोडी, ऐरण आणि रिकीब अशी तीन हाडांची साखळी आहे. रिकीब जेमतेम 3 मिलिमीटरची, शरीरातील सर्वांत लहान हाड. पडदा तिच्या तळाच्या सुमारे 17 पट मोठा असतो. त्यावरचा जोर इवल्या जागी एकवटतो आणि आवाज द्रवात शिरतो. पोकळीत हवा पुरवते नाकामागून येणारी कंठकर्णनलिका. गिळताना, जांभई देताना ती उघडते. सर्दीत ती तुंबली की कानाला दडे बसतात.

‘आता वय झाले, कमी ऐकू येणारच,’ असे घरोघरी म्हटले जाते. वयोमानाने अंतर्कर्णातील पेशी झिजतात, हे खरे. परंतु तेवढ्यावर थांबल्यास कानातला मळ, पडद्याचे छिद्र, त्यामागे साचलेले पाणी किंवा ताठरलेली रिकीब हे दोष तसेच राहतात. यांवर बहुधा उपचार होऊ शकतात.

फरक कसा ओळखावा? डॉक्टर नादकाटा वाजवून आधी कानामागच्या हाडावर टेकवतात, मग कानासमोर धरतात. हाडावर तो अधिक मोठा ऐकू आला, तर अडथळा बहुधा जिन्यात, म्हणजे बाह्य किंवा मध्यकर्णात असतो. मोठ्याने बोलल्यावर ऐकू येते, पण शब्द उमगत नाहीत, अशी तक्रार असल्यास दोष बहुधा अंतर्कर्णात असतो. तेथे श्रवणयंत्राचा आधार मिळतो.

कानात तेल, काडी वा पिन घालू नये. अचानक ऐकू येईनासे झाले, कानातून दुर्गंधीयुक्त स्राव आला, किंवा कानदुखीसोबत चक्कर वा चेहऱ्याचा वाकडेपणा दिसला, तर त्याच दिवशी डॉक्टरांना गाठावे. एकाच कानात पाणी दीर्घकाळ राहिले, तर नाकामागची तपासणी अवश्य करावी.

घरातील ज्येष्ठ व्यक्ती गप्पांतून हळूहळू बाजूला होऊ लागली, तर तिला हट्टी ठरवण्यापूर्वी तिचा कान तपासून घ्या.