स्वमग्न मूल आणि घरांतील संभाषण

पाहुणे घरीं आले म्हणजे मुलाला पुढें बोलावून "काकांना नमस्कार कर, नांव सांग, एक कविता म्हणून दाखव" असें सांगण्याची आपल्याकडे जुनी चाल आहे. बहुतेक मुलें लाजतात आणि शेवटीं कविता म्हणून मोकळीं होतात. परंतु एखादें मूल पाहुण्यांकडे पाहतच नाहीं, किंवा "तुझें नांव काय?" हा प्रश्न जसाच्या तसा परत करतें. घरचीं माणसें ओशाळतात आणि पाहुणे "लाड फार झाले" असें मनाशीं म्हणतात. अशा कांहीं मुलांच्या ह्या वागण्यामागें जी अवस्था असते, तिला वैद्यकशास्त्रांत ऑटिझम आणि मराठींत स्वमग्नता म्हणतात. अशा मुलाचें इतरांशीं बोलणेंचालणें वाढावें म्हणून घरांत काय करतां येईल, एवढाच आजच्या भाषणाचा विषय आहे.

'स्वमग्न' हा शब्द रूढ आहे म्हणून मी तो वापरतों. पण त्यांतून मुलाला कोणी नकोच आहे असा अर्थ निघतो, तो बरोबर नाहीं. ह्यांतील पुष्कळ मुलांना सोबत हवी असते. ती मागण्याची त्यांची रीत मात्र आपल्या ओळखीची नसते.

१९४३ सालीं अमेरिकेंतील बाल्टिमोर येथील डॉक्टर लिओ कॅनर ह्यांनीं ११ मुलांचें वर्णन प्रसिद्ध केलें, तेव्हांपासून हा विषय ठळकपणें चर्चेंत आला. पुढें कांहीं वर्षें एक मत फार बोकाळलें: आईबापांच्या, त्यांतही आईच्या, कोरडेपणामुळें मूल असें होतें. १९६४ सालीं मानसशास्त्रज्ञ बर्नार्ड रिमलंड ह्यांनीं पुस्तक लिहून ह्या मताचें खंडन केलें. ते स्वतः अशा मुलाचे वडील होते. ऑटिझम हा मेंदूच्या जडणघडणींतील फरक असून त्यांत आनुवंशिकतेचा वांटा मोठा आहे, हें आतां मान्य झालें आहे. तरीही "आईनें लक्ष दिलें नाहीं" हें वाक्य आपल्या घरांतून अद्याप ऐकूं येतें. तें खोटें आहे, एवढें स्पष्ट सांगून मी पुढें जातों.

आईबाप कारण नव्हेत; पण त्यांच्या हातीं पुष्कळ कांहीं आहे. इंग्लंडांत लंडन, मँचेस्टर आणि न्यूकॅसल येथें १५२ लहान मुलांना घेऊन एक प्रयोग झाला. त्याचा अहवाल २०१० सालीं प्रसिद्ध झाला. त्या पद्धतींत तज्ज्ञ मुलाला शिकवीत बसत नाहीं. आई किंवा वडील मुलाशीं खेळत असतां त्याचें चित्रण करावयाचें आणि मग तें तज्ज्ञासह पाहावयाचें. मुलानें केव्हां मान वळविली, केव्हां हुंकार दिला, आणि त्या क्षणीं मोठें माणूस काय करीत होतें, हें त्यांत दिसतें. मुलाची खूण पुष्कळदां इतकी बारीक असते कीं, आपल्या बोलण्याच्या भरांत ती बुडून जाते. आरंभीं ह्या पद्धतीचा लाभ अल्प वाटला. परंतु सुमारें सहा वर्षांनीं त्याच मुलांची पुन्हां पाहणी झाली, तेव्हां ज्यांच्या आईबापांना हें शिक्षण मिळालें होतें, त्यांच्यांतील लक्षणें तुलनेनें सौम्य आढळलीं.

हीच पद्धत इकडच्या परिस्थितीस जुळवून गोव्यांत आणि पाकिस्तानांतील रावळपिंडीस अजमावली गेली. तिचा अहवाल २०१६ सालचा आहे. मुलें ६५ होतीं, आणि शिकविणारे मोठे तज्ज्ञ नव्हते, तर ह्या कामापुरते तयार केलेले कार्यकर्ते होते. आईबाप मुलाच्या कलानें प्रतिसाद देऊं लागले, आणि मुलें आपण होऊन अधिक वेळां संवाद सुरू करूं लागलीं. मात्र दोघांनीं मिळून एकाच गोष्टींत रमण्याचा वेळ वाढला नाहीं. तो दुसऱ्या गटाहून कमीच भरला. तेव्हां ह्याला जादूची कांडी समजूं नये.

आतां प्रत्यक्ष घरांतील गोष्ट घेऊं. समजा, मूल जमिनीवर पालथें पडून खेळण्यांतील मोटारीचें चाक फिरवीत आहे. आपली रीत काय? "हें काय आहे? रंग कोणता? चाकें किती? अशी नव्हे, अशी चालव!" तीन प्रश्न आणि एक हुकूम. ह्याऐवजीं मोठ्या माणसानें मुलासमोर, पण त्याला अडचण होणार नाहीं इतक्या अंतरावर, जमिनीवरच बसावें आणि एवढेंच म्हणावें, "चाक फिरतें." मग गप्प राहावें. मनांतल्या मनांत दहा अंक मोजावे. हें गप्प राहणेंच सर्वांत कठीण. शिकल्यासवरलेल्या घरांत तर विशेषच, कारण तेथें मुलाला कांहीं न शिकवतां गेलेला क्षण वाया गेल्यासारखा वाटतो. परंतु ऐकलेलें समजून उत्तर जुळवावयास ह्या मुलांना पुष्कळदां आपल्याहून अधिक वेळ लागतो. मुलानें चाक थांबवून आपल्याकडे कटाक्ष टाकला, तर ती त्याची पाळी झाली. आतां आपली: "थांबलें!" एकानें कांहीं करावें आणि दुसऱ्यानें त्यालाच धरून कांहीं करावें, ह्याहून संभाषण मुळांत निराळें नाहीं.

ऐकलेलें वाक्य परत म्हणण्याविषयींही थोडें सांगितलें पाहिजे. आई रोज "दूध हवें का?" विचारते, म्हणून मूल दूध मागतांनाही "दूध हवें का?" असेंच म्हणतें. लोकलनें फिरणारें मुंबईचें एखादें मूल लग्नाच्या गर्दींत "पुढील स्थानक दादर" असें पुनःपुन्हां म्हणूं लागतें. कदाचित् त्याला तेथून निघावयाचें असतें. अशी पुनरुक्ति निरर्थक समजून ती बंद पाडण्याकडे एके काळीं शिक्षकांचा कल असे. १९८१ सालीं बॅरी प्रिझंट आणि ज्युडिथ डचन ह्यांनीं दाखवून दिलें कीं, ह्या उच्चारांमागें निरनिराळे हेतु असतात: मागणें, होकार देणें, आपली पाळी घेणें. आईनें रागें न भरतां मुलाच्या वतीनें "मला दूध हवें" असें म्हणून पेला पुढें करावा. दुरुस्ती तेवढी पुरे.

शब्द फुटतच नसतील तर खुणा आणि चित्रांचे पत्ते वापरावे. त्यामुळें मूल बोलणार नाहीं ही भीति निराधार आहे. त्याचप्रमाणें, मराठी सोडून घरांत केवळ इंग्रजी बोला, असा सल्ला कोणी दिला तर तोही निमूटपणें मानूं नये. दोन भाषा ऐकल्यानें स्वमग्न मुलाची भाषा अधिक मागें पडते, असें संशोधनांत आढळलेलें नाहीं. आणि आजीची भाषाच काढून घेतली, तर मुलाशीं बोलणारें एक माणूस मात्र कमी होतें.

"माझ्या डोळ्यांकडे पाहा" हा आग्रहही सोडावा. डोळ्याला डोळा भिडविला कीं ऐकण्याकडे लक्ष राहत नाहीं, असें कित्येक स्वमग्न व्यक्तींनीं मोठेपणीं सांगितलें आहे. इंग्लंडांतील समाजशास्त्रज्ञ डेमियन मिल्टन हे स्वतः स्वमग्न आहेत. त्यांनीं २०१२ सालीं असें मांडलें कीं, न समजणें हें दोन्ही बाजूंनीं असतें: त्यांना आपण कळत नाहीं, तसे आपल्यालाही ते कळत नाहींत. पुढें २०२० सालीं स्कॉटलंडांतील एका प्रयोगाचा अहवाल आला. त्यांत एकानें दुसऱ्याला, दुसऱ्यानें तिसऱ्याला अशी गोष्ट सांगत न्यावयाची होती. केवळ स्वमग्न प्रौढांच्या साखळींत ती गोष्ट इतरांच्या साखळीइतकीच टिकली. मिश्र साखळींत मात्र ती अधिक गळाली. म्हणून भावंडांना आणि वर्गांतील सोबत्यांनाही ह्या मुलाच्या खुणा ओळखावयास शिकविणें अवश्य आहे. सगळें शिकणें त्या एकट्याच्याच माथीं मारणें न्याय्य नव्हे.

वर्षाचें मूल हाकेला ओ देत नसेल, किंवा दीड वर्षाचें होऊनही बोटानें कांहीं दाखवीत नसेल, तर प्रथम त्याचे कान तपासून घ्यावे आणि बालरोगतज्ज्ञांना भेटावें. निदानास कांहीं महिने लागूं शकतात. तोंपर्यंत वर सांगितलेल्या गोष्टी घरांत सुरू करण्यास कोणतीच हरकत नाहीं.