मोडीत निघालेले खेळ

नाणे घालून खेळावयाच्या व्हिडिओ गेमच्या पेट्या एके काळी पुण्याच्या पेठांतून आणि बाजारांतून जागोजाग दिसत. १९९०च्या दशकात शाळा-कॉलेजांतील मुलांची त्यांच्याभोवती झुंबड उडे. जपानच्या कॅपकॉम कंपनीचा ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’ हा १९९३ सालचा खेळ मूळ नावाने फारसा कोणी ओळखीत नसे. पिवळ्या टोपीच्या एका पात्रावरून तो देशभर ‘मुस्तफा’ झाला. पुढे घरोघर संगणक आले, हातोहात मोबाइल आले आणि ही दुकाने एकामागून एक बंद पडली. पेट्यांतील काच, तांबे आणि लाकूड मोडीच्या भावाने गेले. त्यांच्याबरोबर आणखी काय गेले, याचा विचार करण्याची गरज तेव्हा कोणास वाटली नाही. ती आता वाटावयास हवी.

असा खेळ पेटीतील एका पाटीवरच्या चिपांमध्ये साठविलेला असतो. या चिपांतील विद्युत्भार काही दशकांत हळूहळू झिरपून जातो आणि खेळाची आज्ञावली आपोआप पुसट होते. काही पाट्यांची गत याहून विचित्र होती. नक्कल होऊ नये म्हणून कॅपकॉमने आपल्या ‘सीपीएस-२’ पाट्यांत खेळ उलगडण्याची किल्ली एका बॅटरीच्या जोरावर टिकणाऱ्या स्मृतीत ठेवली होती. बॅटरी संपली की किल्ली नाहीशी होई आणि धडधाकट दिसणारी पाटी कायमची मुकी होई. चोरापासून रक्षण करण्यासाठी लावलेले कुलूप घरधन्यालाच घराबाहेर ठेवू लागले, असा हा प्रकार होता.

या नाशावर उपाय शोधला तो हौशी मंडळींनी. निकोला साल्मोरिया या इटालियन तरुणाने १९९७च्या फेब्रुवारीत ‘मेम’ नावाची आज्ञावली प्रसिद्ध केली. जुन्या पाटीवरील प्रत्येक चिपेचे वर्तन आजच्या संगणकाकडून हुबेहूब करवून घेणे, हे तिचे काम. अशा आज्ञावलीस ‘इम्युलेटर’ म्हणतात. चिपांतील मजकूर उतरवून घेतला आणि तो इम्युलेटरला दिला, की मूळ यंत्र नसतानाही खेळ पुन्हा जिवंत होतो. पुणेकरांस हे समजावयास अवघड नाही. पेशवे दफ्तरातील रुमाल शाबूत राहिले, तरी मोडी वाचणारा उरला नाही तर ते कागद मुकेच. इम्युलेटर हा या यंत्रयुगातील मोडी-वाचक आहे.

मात्र येथे एक आक्षेप उभा राहतो. पोरांना अभ्यासापासून दूर नेणाऱ्या या खेळांचे जतन कशासाठी? ही नाराजी जुनी आहे आणि ती अगदीच निराधारही नव्हती. पैसे लावून खेळावयाची यंत्रेही या दुकानांतून शिरली होती. १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकातील एका प्रकरणात अशा दुकानांस परवाना सक्तीचा करण्याचा सरकारचा अधिकार मान्य केला, तो याच कारणाने. परंतु एखाद्या गोष्टीचे नियमन करावे की नाही, हा एक प्रश्न झाला आणि तिचा पुरावा पुढच्या पिढीस ठेवावा की नाही, हा अगदी वेगळा. प्रभात रस्त्याच्या परिसरात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झाले, तेव्हा भारतीय चित्रपटाने पन्नाशी ओलांडली होती. तोवर ‘आलम आरा’ हा १९३१चा पहिला बोलपट हाती लागण्यापलीकडे गेला होता आणि फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ची काही रिळेच उरली होती. जे वाचले त्याचे मोठे श्रेय पी. के. नायर यांच्यासारख्या चिवट संग्राहकाकडे जाते. सिनेमा हा फावल्या वेळचा उनाडपणा आहे, ही समजूत जतनाच्या आड किती काळ आली, याचा हिशेब त्या हरवलेल्या रिळांत आहे.

वि. का. राजवाडे गावोगाव हिंडून रद्दीच्या वाटेवरची दफ्तरे गोळा करीत होते, तेव्हा त्यांच्या पाठीशी कोणतेही सरकारी खाते नव्हते. ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड १८९८ साली निघाला; भारत इतिहास संशोधक मंडळ त्यानंतर बारा वर्षांनी, १९१० साली उभे राहिले. आधी वेडा माणूस आणि मग संस्था, हा क्रम आपल्याकडे नवा नाही. भंगारातून जुन्या पाट्या विकत घेऊन त्यांतील मजकूर उतरविणारे आजचे छांदिष्ट याच कुळातले आहेत.

फरक एवढाच, की राजवाड्यांस स्वामित्वहक्काच्या कायद्याची धास्ती नव्हती. मूळ कंपन्यांची तक्रार खोटी नाही: इम्युलेटरच्या आडोशाने चोरट्या प्रतींचा सुळसुळाट होतो आणि त्या कंपन्या आपले काही जुने खेळ आजही नव्याने विकतात. त्यांचा हक्क सांभाळलाच पाहिजे. पण ज्या खेळाचा वाली उरला नाही, त्याचे काय? आपल्या १९५७च्या कायद्यात २०१२ साली सुधारणा होऊन सार्वजनिक ग्रंथालयास जतनासाठी डिजिटल प्रत ठेवण्याची मुभा मिळाली. अट अशी, की त्या ग्रंथालयापाशी मूळची बिगर-डिजिटल प्रत असावी. जी कृती जन्मतःच डिजिटल आहे, तिला ही सवलत कशी लागू व्हावी? ग्रंथालयांकडे प्रती पाठविण्याचा १९५४चा कायदाही पुस्तके आणि वृत्तपत्रे यांपुरताच आहे. जपानने मात्र २००० साली आपल्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या कायद्यात बदल करून खोक्यांतून विकल्या जाणाऱ्या डिजिटल प्रकाशनांचा, म्हणजे व्हिडिओ गेमचाही, त्यात समावेश केला. ज्या देशाने हे खेळ घडविले, त्याने त्यांस वाङ्मयाच्या शेजारी बसविले.

या कामास पुण्याइतके योग्य शहर देशात क्वचितच असेल. चित्रपट संग्रहालय, आता राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा भाग म्हणून का होईना, येथे आहे. ‘परम’ महासंगणक घडविणारी सी-डॅक ही संस्था येथलीच, आणि डिजिटल जतनाच्या राष्ट्रीय कार्यक्रमाचे कामही तिने केलेले आहे. राजा दिनकर केळकर संग्रहालयाने अडकित्ते आणि दिवे यांसही इतिहासाचा मान दिला. या शहरात एखादे विद्यापीठ वा संग्रहालय पुढे आले, तर उरल्यासुरल्या पाट्या मिळवून त्यांतील मजकूर उतरवून ठेवणे आणि तो केवळ अभ्यासकांस जागेवर पाहू देणे, हे काम फार खर्चाचे नाही. त्यासाठी २०१२च्या सुधारणेतील ‘बिगर-डिजिटल’ ही अट दूर करणे मात्र अगत्याचे आहे.

आपल्या कायद्याने आज्ञावलीस साहित्यकृती मानले आहे. तिच्यावरील हक्क लेखकाच्या निधनानंतरही साठ वर्षे टिकतो. चिप तितकी टिकत नाही. हक्क संपण्याची वाट पाहत बसल्यास, तो संपेल त्या दिवशी मोकळे करावयास काही उरलेले नसेल.