भूमीचा आधार आणि शेजाऱ्याचा हक्क

सीमेवरून होणाऱ्या कलहाची दखल भारतीय विधिपरंपरेने फार पूर्वीच घेतली होती. मनुस्मृतीने सांगितलेल्या अठरा व्यवहारपदांत सीमाविवादाचा समावेश आहे. वृक्षांसारख्या दृश्य खुणांबरोबरच कोळसा, अस्थी, विटा, तूस इत्यादी वस्तू सीमेवर पुरून ठेवाव्यात, असे ही स्मृती सांगते. वरच्या खुणा नष्ट झाल्या तर जमिनीच्या पोटातील खुणांनी साक्ष द्यावी, हा त्यामागील हेतू. म्हणजे जमिनीचे पोट हे तेथे पुराव्याचे स्थान होते; वाद मात्र पृष्ठभागाचाच होता.

खोदकामाचा प्रश्न याज्ञवल्क्यस्मृतीत येतो. विहिरीने शेजाऱ्याची थोडी भूमी व्यापली, परंतु तिचे पाणी विपुल आणि बाधा अल्प असेल, तर शेजाऱ्याने तिला प्रतिबंध करू नये. मात्र स्वामीला न कळविता त्याच्या क्षेत्रात बांध घातल्यास त्यापासून होणारा लाभ त्या स्वामीचाच, असा तेथील निर्णय आहे. लाभ आणि बाधा यांची तुलना व पूर्वसूचना ही दोन तत्त्वे त्यातून निष्पन्न होतात. या स्मृतीवरील ‘मिताक्षरा’ ही विज्ञानेश्वराची टीका चालुक्यांच्या कल्याणी येथे, म्हणजे आजच्या बीदर जिल्ह्यातील बसवकल्याण येथे सिद्ध झाली. मराठी व कन्नड या दोन्ही प्रदेशांचा हा सामाईक वारसा होय.

आधुनिक कायद्याची मांडणी निराळी आहे. इंग्लंडमध्ये न्यूकॅसल येथे लगतचे घर पाडून त्याखालची माती काढल्यामुळे शेजारची इमारत कोसळली. डाल्टन विरुद्ध अँगस या त्या खटल्यात १८८१ साली उमराव सभेने वीस वर्षांहून अधिक काळ मिळालेल्या आधाराचा हक्क मान्य केला. पुढच्याच वर्षी भारतीय सुविधाधिकार अधिनियम झाला. त्याच्या सातव्या कलमानुसार, नैसर्गिक स्थितीतील भूमीला लगतच्या व खालच्या मातीचा आधार मिळणे हा प्रत्येक भूस्वामीचा स्वाभाविक हक्क आहे. परंतु भूमीवर घर उभे राहिले की ती ‘नैसर्गिक’ राहत नाही. घराच्या भारासाठी लागणारा आधार पंधराव्या कलमाप्रमाणे वीस वर्षांच्या शांततामय व अखंड उपभोगाने मिळवावा लागतो. मोकळ्या भूमीचा हक्क जन्मसिद्ध, घराचा मात्र कालसिद्ध, असा हा भेद आहे.

मराठीत अशा उपभोगासाठी ‘वहिवाट’ हा शब्द रूढ आहे. वाट, उजेड, पाणी यांची वहिवाट डोळ्यांना दिसते. आधाराचे तसे नाही. तो घेणाऱ्याला जाणवत नाही आणि देणाऱ्यालाही जाणवत नाही. तो सुटल्यावरच त्याचे अस्तित्व कळते.

बंगळुरूसारख्या नगरात या भेदाला विशेष महत्त्व येते. तळघरातील वाहनतळासाठी जमीन खोलवर उभी कापली जाते. तिच्या कडेला वेळीच धारक भिंत उभारली नाही, तर पावसाने भिजलेली माती खड्ड्याकडे सरकते आणि लगतच्या पायाखालचा आधार जातो. मॅजेस्टिक भागात पूर्वीच्या कपाली चित्रपटगृहाच्या जागेवर खोदकाम चालू असताना जुलै २०२० च्या अखेरीस लगतची बहुमजली इमारत कोसळली. प्राणहानी टळली, परंतु शेजाऱ्याचा खड्डा हा केवळ शेजाऱ्याचा नसतो, हे त्या रात्री उघड झाले.

कायद्याचा उपाय येथे तोकडा पडतो. चौतिसाव्या कलमाप्रमाणे आधार काढून घेतल्याबद्दलची भरपाई प्रत्यक्ष भरीव हानी झाल्यावरच मागता येते. पस्तिसाव्या कलमाखाली आधीच मनाई हुकूम मागता येतो. परंतु धोका केवळ संभाव्य असेल, तर नियोजित कृतीने हक्काचा भंग अटळपणे होईल, हे दाखवावे लागते. ज्याचे घर वीस वर्षांचे झालेले नाही, त्याला या हक्काचाही आश्रय नाही. त्याने शेजाऱ्याचा निष्काळजीपणा सिद्ध करावा किंवा बांधकामाच्या नियमांचा भंग दाखवावा. भिंतीला तडा जाण्यापूर्वी पुरावा अपुरा ठरतो, आणि तडा गेल्यावर बहुधा उशीर झालेला असतो.

म्हणूनच याज्ञवल्क्याची जुनी अपेक्षा अर्थपूर्ण वाटते. परक्या क्षेत्रात काम करणाऱ्याने स्वामीला आधी कळवावे, असे ती सांगते. खोल खड्ड्याचा परिणाम परक्या क्षेत्रापर्यंत पोहोचतोच. तेव्हा स्वतःच्या भूमीत खणणाऱ्यावरही हेच कर्तव्य येते. सीमारेषा पृष्ठभाग विभागते. खालची माती मात्र अविभक्तच राहते.