बेटावरची ग्रामपंचायत

उमरग्यात राहणाऱ्या प्रत्येक मुलाने समुद्र पाहिलेला असेलच असे नाही. आपल्याकडे पाणी पाहायचे ते विहिरीत, तळ्यात, नाहीतर माकणीच्या धरणात. आपले गाव पुणे-हैदराबाद महामार्गावर आहे. त्यामुळे रात्रंदिवस मोटारींची ये-जा चालू असते. एक एस.टी. चुकली, तर थोड्या वेळाने दुसरी मिळते. पण ज्या गावाला रस्ताच नाही, ज्याच्या चारी बाजूंना खारे पाणी आहे, त्या गावाचा कारभार कसा चालत असेल? तिथे रस्त्यावरचा दिवा कोण लावत असेल? नळाला पाणी आले नाही, तर लोक कोणाकडे तक्रार करत असतील?

असे एक गाव आपल्याच महाराष्ट्रात आहे. त्याचे नाव घारापुरी. मुंबईच्या गेट वे ऑफ इंडियापासून ते समुद्रात सुमारे दहा किलोमीटर दूर आहे. होडीने तिथे पोहोचायला तासभर लागतो. बेट फार मोठे नाही. त्याची लांबी अडीच किलोमीटरच्या आसपास भरते. मधोमध दोन डोंगर आहेत आणि त्यांच्या पायथ्याशी तीन वाड्या आहेत : राजबंदर, शेतबंदर आणि मोराबंदर. तिन्ही मिळून हजार-बाराशे माणसांची वस्ती आहे.

या तिन्ही नावांत 'बंदर' हा शब्द आहे. तुम्हांला तो उर्दूतून ओळखीचा असेलच. झाडावरचे माकड नव्हे, तर जहाजे लागतात ते ठिकाण! हा शब्द फारसीतून मराठीत आला आणि कोकणच्या किनाऱ्यावर कायमचा राहिला. रायगड जिल्ह्यातच मुरूडजवळ पाण्यात एक प्रसिद्ध किल्ला आहे, त्याला जंजिरा म्हणतात. हे नाव 'जझीरा' या अरबी शब्दावरून पडले. जझीरा म्हणजेच बेट. समुद्रावर व्यापार करणाऱ्या माणसांनी मालाबरोबर शब्दही आणले, असे म्हणायला हरकत नाही.

घारापुरीला दुसरेही एक नाव आहे, 'एलिफंटा'. १५३४ साली हे बेट पोर्तुगीजांच्या ताब्यात गेले. किनाऱ्याजवळ त्यांना दगडात कोरलेला एक मोठा हत्ती दिसला, म्हणून त्यांनी बेटाला हे नाव दिले. तो हत्ती आता बेटावर नाही. तो पाहायचा असेल, तर मुंबईत भायखळ्याच्या जिजामाता उद्यानात जावे लागते. पण डोंगरात खोदलेली लेणी मात्र जागच्या जागी आहेत. त्यांतील शिवाची तीन मुखांची मूर्ती सुमारे वीस फूट उंच आहे. १९८७ साली युनेस्कोने या लेण्यांचा जागतिक वारशाच्या यादीत समावेश केला. देशोदेशींचे लोक ती पाहायला येतात, फोटो काढतात आणि संध्याकाळच्या होडीने परत जातात. पर्यटकांना बेटावर मुक्काम करण्याची परवानगी नाही.

पर्यटक परत जातात. गावकरी मात्र तिथेच राहतात. त्यांना रोजचे पाणी लागते, मुलांना शाळा लागते, आजाऱ्याला औषध लागते. आपल्याला इथे लेण्यांपेक्षा याच गोष्टींचा विचार करायचा आहे.

मुंबईच्या किनाऱ्यावरून बेट दिसते, म्हणून पुष्कळांना वाटते की ते मुंबईतच मोडते. तसे नाही. घारापुरी हे रायगड जिल्ह्याच्या उरण तालुक्यातील गाव आहे आणि त्याला स्वतःची ग्रामपंचायत आहे. महाराष्ट्रात ग्रामपंचायतींचा कारभार १९५८ च्या कायद्यानुसार चालतो. गावाच्या लोकसंख्येप्रमाणे पंचायतीत ७ ते १७ सदस्य असतात. लहान गावाला ७ सदस्य पुरतात. त्यांच्या प्रमुखाला सरपंच म्हणतात. 'सर' म्हणजे मस्तक, हा फारसी शब्द. आणि 'पंच' हा संस्कृतातला. दोन भाषांनी मिळून हा एक मानाचा शब्द तयार केला आहे. हिशेब आणि दप्तर सांभाळायला सरकारचा एक नोकर असतो. त्याला ग्रामसेवक म्हणत; अलीकडे त्याला ग्रामपंचायत अधिकारी असे नाव मिळाले आहे.

पंचायतीहून मोठी असते ती ग्रामसभा. गावातील सर्व मतदार हे तिचे सभासद असतात. वर्षातून किमान चार वेळा ती भरवावी लागते. तिथे सरपंचाला कोणीही उभे राहून विचारू शकते, "गटाराचे पैसे आले होते, त्यांचे काय झाले?" विचारणाऱ्याने निवडणूक जिंकलेली असण्याची गरज नसते. मतदारयादीत नाव असले, की पुरे.

आता घारापुरीची गंमत पाहा. बेट एवढेसे, पण त्यावर मालक किती! लेणी केंद्र सरकारच्या भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण विभागाकडे आहेत. लेण्यांच्या तिकिटाचे पैसे त्या खात्याकडे जातात. समुद्रातील होड्या आणि धक्के यांच्यावर महाराष्ट्र सागरी मंडळाची देखरेख असते. वीज महावितरण पुरवते. शाळेचा संबंध जिल्हा परिषदेशी येतो. मग ग्रामपंचायतीकडे उरते काय? पाणी, झाडलोट, वाटा, दिवाबत्ती, जन्म-मृत्यूची नोंद आणि घरपट्टी. शिवाय बेटावर उतरणाऱ्या प्रवाशांकडून पंचायत एक छोटासा कर घेते. दर माणसामागे रक्कम अगदी थोडी असते. पण माणसे पुष्कळ येतात. शेतीवर आणि मासेमारीवर जगणाऱ्या लहान गावाला हे उत्पन्न मोठा आधार आहे.

उत्पन्नाबरोबर कामही येते, हे विसरून चालणार नाही. हजार माणसांचे गाव हजार माणसांचाच कचरा करते. इथे मात्र पाहुणे गावकऱ्यांपेक्षा कितीतरी जास्त. पाण्याच्या बाटल्या, खाऊचे कागद, पिशव्या हे सगळे मागे राहते. काही बाटल्या माकडे लोकांच्या हातांतून हिसकावून नेतात आणि झाडीत टाकतात. (तर बेटावर दुसऱ्या अर्थाचे 'बंदर'सुद्धा आहेत!) आपल्या गावात कचरा गाडीत भरून दूर नेता येतो. बेटावर 'दूर' म्हणजे पाणीच. कचरा समुद्रात गेला, तर तो कोळ्यांच्या जाळ्यात परत येतो.

पंचायतीच्या हातात काय आहे आणि काय नाही, हे विजेच्या गोष्टीवरून चांगले कळते. रात्री घारापुरीच्या किनाऱ्यावर उभे राहिले, की समोर मुंबईचा झगमगाट दिसतो. पण कितीतरी वर्षे बेटावर मात्र अंधार होता. संध्याकाळी डिझेलवर चालणारे जनरेटर सुरू होई आणि सुमारे तीन-साडेतीन तास दिवे लागत. जनरेटर थांबला, की कंदील आणि मेणबत्त्या. पंखा नाही, शीतपेटी नाही, पकडलेली मासळी टिकवायला बर्फ नाही. रात्री अभ्यास करणाऱ्या मुलाने घड्याळाकडे पाहून पुस्तक मिटायचे.

वीज आणायची, तर समुद्राच्या तळातून केबल टाकावी लागणार होती. त्याला कोट्यवधी रुपये हवेत. घरपट्टीतून एवढा पैसा सात जन्मांत जमणार नाही. दुसरी अडचण हिशेबाची होती. खर्च मोठा आणि वीज वापरणारी घरे थोडी. अशा वेळी ग्रामपंचायत काय करू शकते? ठराव करते. ठरावाला उर्दूत आपण करारदाद म्हणतो. ठराव वरच्या कचेरीत पाठवते, उत्तर आले नाही तर पुन्हा अर्ज करते. कागद टेबलावरून टेबलावर फिरत राहतो. या कामाला मोठे शहाणपण लागते असे नाही, पण चिकाटी फार लागते. मला तर वाटते, सरपंचाचे अर्धे काम याच चिकाटीचे असते.

शेवटी काम झाले. रायगडच्या किनाऱ्यावरून समुद्राखालून साडेसात किलोमीटर लांबीची केबल टाकण्यात आली. त्याला सुमारे १५ महिने आणि २५ कोटी रुपये लागले. २२ फेब्रुवारी २०१८ या दिवशी घारापुरीत वीज आली. देश स्वतंत्र झाल्याला तेव्हा सत्तर वर्षे उलटून गेली होती. ज्या लेण्यांचे नाव सगळ्या जगाला माहीत होते, त्यांच्या पायथ्याच्या घरात बटण दाबल्यावर दिवा लागायला एवढा काळ जावा लागला.

वीज आली, म्हणून सगळेच प्रश्न सुटले नाहीत. पावसाचे पाणी साठवायला बेटावर एक लहान धरण आहे, विहिरी आहेत. तरी उन्हाळ्यात पाण्याची चिंता असतेच. चहूकडे समुद्र आणि पिण्याला थेंब जपून वापरायचा! ही चिंता मात्र आपल्या मराठवाड्याला नवी नाही. पावसाळ्यात समुद्र खवळला, की होड्या बंद होतात. मोठा दवाखाना पाण्यापलीकडे आहे. रात्री कोणी आजारी पडले, तर आधी होडी शोधावी लागते. होडीचा प्रवास निर्धोक असतो असेही नाही. १८ डिसेंबर २०२४ रोजी घारापुरीला निघालेल्या 'नीलकमल' या प्रवासी बोटीला नौदलाच्या वेगवान बोटीची धडक बसली आणि अनेक प्रवासी प्राणांस मुकले.

जगात अशी बेटे पुष्कळ आहेत. युरोपच्या उत्तर टोकाला नॉर्वे नावाचा देश आहे. त्याच्या किनाऱ्याजवळ हजारो बेटे आहेत. त्यांपैकी उत्सीरा हे एक. हाउगेसुंड नावाच्या शहरातून तिथे बोटीने जायला तासाभराहून थोडा जास्त वेळ लागतो. बेटाचे क्षेत्रफळ अवघे सहा चौरस किलोमीटर आहे आणि वस्ती सुमारे दोनशे माणसांची, म्हणजे घारापुरीच्या निम्मीसुद्धा नाही. एखाद्या मोठ्या लग्नाच्या पंगतीत याहून जास्त माणसे बसतात! तरीही उत्सीरा ही स्वतंत्र नगरपालिका आहे. नॉर्वेत तिला 'कोम्यून' म्हणतात. त्या देशात १८३७ सालच्या कायद्याने गावोगावच्या लोकांना आपला कारभार चालवण्याचा हक्क मिळाला. उत्सीरा आधी शेजारच्या मोठ्या कोम्यूनचा भाग होते. १९२४ साली ते वेगळे झाले.

पुढच्याच वर्षी तिथे एक नवल घडले. १९२५ च्या निवडणुकीत बारा जागांपैकी अकरा जागांवर स्त्रिया निवडून आल्या. बारा पुरुषांची सभा पाहायची सवय असलेल्या त्या काळी ही बातमी साऱ्या देशात गाजली. ओसा हेल्गेसेन ही बाई कोम्यूनची प्रमुख झाली. नॉर्वेतील ती पहिली स्त्री नगराध्यक्ष होय. तिचा व्यवसाय काय होता, ठाऊक आहे? ती सुईण होती, म्हणजे दाई. बेटावरच्या कितीतरी घरांत तिचे जाणे-येणे असणार. कोणाच्या घरी काय उणे आहे, हे तिला कोणी अर्ज करून कळवण्याची गरज पडत नसेल. आपल्या महाराष्ट्रात २०११ पासून ग्रामपंचायत, जिल्हा परिषद आणि नगरपरिषद यांत निम्म्या जागा स्त्रियांसाठी राखून ठेवल्या जातात.

उत्सीराची कोम्यून आणि आपली ग्रामपंचायत यांत एक मोठा फरक आहे. तिथे बालवाडी, शाळा, वृद्धांची देखभाल ही कामे कोम्यूनच करते आणि त्यासाठी लागणारा बराचसा पैसाही तिच्या हाती येतो. आपल्याकडे ही कामे तालुका, जिल्हा आणि राज्य यांच्यात वाटलेली आहेत. विजेच्या बाबतीतही त्या बेटाने एक प्रयोग पाहिला. बेटावर वारा भरपूर. २००४ साली तिथे पवनचक्कीची वीज हायड्रोजन वायूच्या रूपात साठवून, वारा पडला असताना ती दहा घरांना पुरवून पाहिली गेली. घारापुरीतले लोक तेव्हा रात्री जनरेटर बंद व्हायची वेळ मोजत होते.

आता आपल्या उमरग्याकडे या. इथे ग्रामपंचायत नाही, नगरपरिषद आहे. उर्दू वर्तमानपत्रांत तिला बलदिया म्हणतात. तिचा कारभार १९६५ च्या कायद्याप्रमाणे चालतो. शहराचे प्रभाग पाडलेले असतात. प्रत्येक प्रभागातून नगरसेवक निवडून येतात. नगराध्यक्षाला लोक थेट मत देऊन निवडतात आणि मुख्याधिकारी मात्र राज्य सरकार नेमते. उमरगा तालुक्यातील खेड्यांत ग्रामपंचायती आहेत, त्यांच्या वर पंचायत समिती आणि तिच्या वर धाराशिवची जिल्हा परिषद. जिल्हा परिषदा महाराष्ट्रात १ मे १९६२ पासून सुरू झाल्या.

तुमच्या मोहल्ल्यातला दिवा आठ दिवस बंद आहे, असे समजा. आमदारांना किंवा जिल्हाधिकाऱ्यांना भेटायला धावण्याची गरज नाही. एक साधा कागद घ्या. वर उजवीकडे तारीख घाला. खाली 'मा. मुख्याधिकारी, नगरपरिषद, उमरगा' असे लिहा. विषय एका ओळीत मांडा. दिवा कोणत्या गल्लीत, कोणाच्या घरासमोर, किती दिवसांपासून बंद आहे, हे स्पष्ट लिहा. खाली घरच्या मोठ्या माणसाची सही घ्या. अर्जाच्या दोन प्रती करा. एक कचेरीत द्या आणि दुसरीवर 'पोहोच' म्हणून शिक्का मारून घ्या. शिक्क्याची प्रत नीट जपून ठेवा. पुढच्या वेळी गेलात आणि "तुमचा अर्ज आमच्याकडे आलाच नाही" असे कोणी म्हणाले, तर तीच प्रत पुढे करायची आहे.